सेल एकत्रीकरण (स्प्रेडशीट)

सेल एकत्रीकरण म्हणजे स्प्रेडशीटमधील शेजारशेजारच्या दोन किंवा अधिक सेलचा मिळून एकच मोठा सेल तयार करणे. एकत्रित सेलमधील मजकूर बहुधा मध्यभागी आणला जातो. म्हणून मायक्रोसॉफ्ट एक्सेलमध्ये या दोन्ही क्रिया एकदम करणारे 'मर्ज अँड सेंटर' हे बटण दिलेले आहे. हीच क्रिया आज्ञावली लिहूनही करता येते. एकाच साच्याचे अनेक तक्ते तयार करायचे असतील, उदाहरणार्थ तालुकावार किंवा गाववार अहवाल, तर आज्ञावलीमुळे वेळ वाचतो आणि मांडणीत एकसारखेपणा येतो.

एकत्रीकरण ही मुळात दिसण्याची सोय आहे. तिचा परिणाम मात्र माहितीवरही होतो. एकत्रित केलेल्या सेलपैकी सर्वांत वरच्या व डावीकडच्या सेलमधील मजकूर तेवढा टिकतो आणि उरलेल्या सेलमधील मजकूर सर्वसाधारणपणे नष्ट होतो. हाताने काम करताना एक्सेल तशी सूचना देते. आज्ञावलीतून काम करताना ही सूचना बंद केलेली असू शकते किंवा मुळातच मिळत नाही. त्यामुळे कोणते सेल एकत्र करावेत आणि कोणते करू नयेत, हे जाणणे आज्ञा पाठ असण्याइतकेच आवश्यक ठरते.

या लेखात आज्ञांची नावे उच्चारानुसार देवनागरीत दिली आहेत. प्रत्यक्ष आज्ञावलीत ती रोमन लिपीतच लिहावी लागतात.

== संकल्पना ==

स्प्रेडशीटमध्ये उभे स्तंभ आणि आडव्या ओळी असतात. स्तंभांना ए, बी, सी अशी अक्षरे आणि ओळींना १, २, ३ असे क्रमांक असतात. स्तंभ व ओळ जेथे छेदतात त्या चौकटीला सेल म्हणतात. पहिल्या स्तंभातील पहिल्या ओळीचा सेल म्हणजे 'ए१'. 'ए१ ते डी१' असे म्हटल्यास पहिल्या ओळीतील चार सेलचा पट्टा समजला जातो.

'मर्ज अँड सेंटर' या एका बटणामागे दोन स्वतंत्र गोष्टी असतात. पहिली गोष्ट म्हणजे सेलचे एकत्रीकरण. ते पत्रकाच्या रचनेत बदल करते. दुसरी गोष्ट म्हणजे मजकुराचे आडवे संरेखन, म्हणजे मजकूर डावीकडे, उजवीकडे किंवा मध्यभागी ठेवणे. तो केवळ सेलच्या सजावटीचा भाग आहे. आज्ञावलीत या दोन गोष्टी बहुधा वेगवेगळ्या आज्ञांनी कराव्या लागतात. केवळ एकत्रीकरणाची आज्ञा दिली तर सेल मोठा होतो, पण मजकूर डाव्या कडेलाच राहतो. उलट, सेल पुन्हा सुटे केले तरी मध्यभागी आणलेले संरेखन तसेच राहते. ते वेगळी आज्ञा देऊन बदलावे लागते.

== इतिहास ==

वैयक्तिक संगणकावरील पहिली प्रसिद्ध स्प्रेडशीट आज्ञावली 'व्हिसिकॅल्क' १९७९ मध्ये आली. एक्सेलची पहिली आवृत्ती १९८५ मध्ये ॲपलच्या मॅकिंटॉश संगणकासाठी निघाली. १९९३ मधील एक्सेल ५ या आवृत्तीपासून एक्सेलमध्ये 'व्हिज्युअल बेसिक फॉर ॲप्लिकेशन्स' (व्हीबीए) ही आज्ञावलीची भाषा उपलब्ध झाली. त्या काळात शीर्षक अनेक स्तंभांच्या मध्यभागी आणण्याची सोय होती, पण त्यासाठी सेल एकत्र होत नसत. सेलचे खरे एकत्रीकरण एक्सेल ९७ पासून आले.

पुढे एक्सेलच्या फाइलचा खुला आराखडा 'ऑफिस ओपन एक्सएमएल' २००६ मध्ये एक्मा-३७६ या क्रमांकाने आणि २००८ मध्ये आयएसओ/आयईसी २९५०० या क्रमांकाने प्रमाणित झाला. त्यामुळे एक्सेल संगणकावर नसतानाही इतर भाषांतून एक्सेल-फाइल तयार करणे आणि तिच्यातील सेल एकत्र करणे सुलभ झाले.

== उदाहरण: भोर व वेल्हे तालुक्यांतील धरणे ==

पुणे जिल्ह्याच्या नैर्ऋत्येकडील भोर व वेल्हे हे दोन तालुके सह्याद्रीच्या कुशीत असून त्यांत अनेक धरणे आहेत. वेल्हे तालुक्याला राजगड हे नाव देण्याचा निर्णय राज्य शासनाने २०२४ मध्ये जाहीर केला. या दोन तालुक्यांतील पाच धरणांचा तक्ता पुढीलप्रमाणे मांडता येतो. पहिल्या ओळीत शीर्षक आणि दुसऱ्या ओळीत स्तंभांची नावे आहेत, असे धरले आहे. त्यामुळे माहिती तिसऱ्या ओळीपासून सुरू होते.

| ओळ | ए: तालुका | बी: धरण | सी: नदी | डी: खोरे |
|---|---|---|---|---|
| ३ | भोर | भाटघर | वेळवंडी | नीरा |
| ४ | भोर | नीरा देवघर | नीरा | नीरा |
| ५ | वेल्हे | पानशेत | आंबी | मुठा |
| ६ | वेल्हे | वरसगाव | मोसी | मुठा |
| ७ | वेल्हे | गुंजवणी | कानंदी | नीरा |

छापील अहवालासाठी या तक्त्यात साधारणपणे दोन प्रकारचे एकत्रीकरण केले जाते. शीर्षकासाठी 'ए१ ते डी१' हे चार सेल आडवे एकत्र केले जातात. तालुक्याचे नाव पुन्हा पुन्हा दिसू नये म्हणून 'ए३ ते ए४' आणि 'ए५ ते ए७' हे सेल उभे एकत्र केले जातात. पहिल्या प्रकाराने माहितीला बाधा येत नाही, कारण शीर्षक ही माहितीची ओळ नसते. दुसऱ्या प्रकारात मात्र नीरा देवघर, वरसगाव आणि गुंजवणी या तीन धरणांच्या ओळींतून तालुक्याचे नाव नाहीसे होते. डोळ्यांना ते दिसते. संगणकाला दिसत नाही.

== आज्ञावलीद्वारे एकत्रीकरण ==

=== एक्सेल व व्हीबीए ===

व्हीबीएमध्ये सेलच्या पट्ट्याला 'रेंज' म्हणतात. एकत्रीकरणाशी संबंधित मुख्य आज्ञा व गुणधर्म असे:

* '''मर्ज''' – दिलेला पट्टा एकत्र करते. तिला 'अक्रॉस' हा पर्याय दिल्यास पट्ट्यातील प्रत्येक ओळ स्वतंत्रपणे एकत्र होते.
* '''अनमर्ज''' – एकत्रित सेल पुन्हा सुटे करते. मजकूर वरच्या डाव्या सेलमध्येच राहतो.
* '''मर्जसेल्स''' – सेल एकत्रित आहे की नाही हे सांगतो.
* '''मर्जएरिया''' – एखादा सेल ज्या एकत्रित पट्ट्याचा भाग आहे तो संपूर्ण पट्टा देतो.
* '''हॉरिझॉन्टलअलाइनमेंट''' – आडवे संरेखन. मध्यभागी आणण्यासाठी 'एक्सएलसेंटर' हे मूल्य वापरतात. त्याचा अंक उणे ४१०८ आहे.
* '''व्हर्टिकलअलाइनमेंट''' – उभे संरेखन. अनेक ओळी एकत्र केल्यावर मजकूर उंचीच्याही मध्यावर आणण्यासाठी याचा उपयोग होतो.

वरील तक्त्याचे शीर्षक तयार करण्याचा क्रम तीन पायऱ्यांचा आहे: 'ए१' मध्ये मजकूर लिहिणे, 'ए१ ते डी१' या पट्ट्यावर 'मर्ज' चालवणे आणि त्याच पट्ट्याच्या 'हॉरिझॉन्टलअलाइनमेंट'ला 'एक्सएलसेंटर' हे मूल्य देणे.

एकापेक्षा अधिक सेलमध्ये मजकूर असेल तर 'मर्ज' चालण्यापूर्वी एक्सेल इशारा देते. आज्ञावली मध्येच थांबू नये म्हणून अनेक जण 'डिस्प्लेअलर्ट्स' हा गुणधर्म 'फॉल्स' करून सर्व इशारे बंद ठेवतात. अशा वेळी उरलेला मजकूर कोणतीही सूचना न देता पुसला जातो, आणि आज्ञावलीने केलेला बदल 'अनडू'ने मागे घेता येत नाही.

=== गूगल शीट्स ===

गूगल शीट्समध्ये 'ॲप्स स्क्रिप्ट' ही जावास्क्रिप्टवर आधारित भाषा वापरली जाते. तिच्यात 'मर्ज' सर्व पट्टा एकत्र करते, 'मर्जअक्रॉस' प्रत्येक ओळ वेगळी एकत्र करते आणि 'मर्जव्हर्टिकली' प्रत्येक स्तंभ वेगळा एकत्र करते. सेल सुटे करण्यासाठी 'ब्रेकअपार्ट' आणि संरेखनासाठी 'सेटहॉरिझॉन्टलअलाइनमेंट' या आज्ञा आहेत.

=== पायथन ===

पायथन भाषेतील 'ओपनपायएक्सएल' या संग्रहात पत्रकाच्या 'मर्ज_सेल्स' या आज्ञेला पट्ट्याचे नाव द्यावे लागते. संरेखन 'अलाइनमेंट' या वेगळ्या घटकातून दिले जाते आणि ते वरच्या डाव्या सेलला लावले जाते. एकत्रित पट्ट्यातील अन्य सेल केवळ वाचनापुरते उरतात. त्यांत मूल्य लिहू गेल्यास आज्ञावली त्रुटी दाखवून थांबते. एकत्रीकरणाच्या वेळी मात्र त्या सेलमधील पूर्वीचा मजकूर इशाऱ्याविनाच जातो.

'एक्सएलएसएक्स-रायटर' या दुसऱ्या संग्रहात 'मर्ज_रेंज' ही एकच आज्ञा पट्टा, मजकूर आणि सजावट या तिन्ही गोष्टी एकदम घेते. येथे ओळी व स्तंभ शून्यापासून मोजले जातात. म्हणून 'ए१ ते डी१' हा पट्टा ०, ०, ०, ३ असा लिहावा लागतो. एकमेकांवर येणारे दोन पट्टे एकत्र करण्याचा प्रयत्न हा संग्रह नाकारतो, कारण तशी फाइल उघडताना एक्सेल ती सदोष असल्याचे सांगते.

=== फाइलच्या आत ===

एक्सेलची आधुनिक फाइल ही प्रत्यक्षात एक्सएमएल फाइलींची संकुचित पुडी असते. एकत्रित पट्ट्यांची यादी पत्रकाच्या फाइलमध्ये 'मर्जसेल्स' या घटकात असते, तर मध्यभागी आणण्याची सूचना शैलींच्या वेगळ्या फाइलमध्ये असते. एकत्रीकरण व संरेखन या दोन भिन्न गोष्टी असल्याचे येथे स्पष्ट होते. एखाद्या आज्ञावलीने यादीत पट्टा नोंदवला पण झाकल्या जाणाऱ्या सेलमधील आकडे काढले नाहीत, तर ते आकडे दिसत नाहीत. बेरजेत मात्र धरले जातात. लिबरऑफिस कॅल्कमध्ये हाताने एकत्रीकरण करताना याबाबत तीन पर्याय विचारले जातात: सर्व मजकूर पहिल्या सेलमध्ये आणणे, झाकलेल्या सेलमधील मजकूर तसाच ठेवणे किंवा तो पुसून टाकणे.

== मराठी मजकूर आणि आज्ञावली ==

सेलमध्ये युनिकोड मराठी मजकूर व्यवस्थित राहतो. परंतु व्हीबीएचा संपादक युनिकोडला पूर्ण आधार देत नाही. आज्ञावलीतच 'भोर' असे देवनागरीत लिहिल्यास तेथे प्रश्नचिन्हे उमटतात आणि तीच पुढे शीर्षकात जातात. यावर दोन उपाय आहेत. पहिला, मराठी मजकूर पत्रकाच्या एखाद्या सेलमध्ये लिहून ठेवून आज्ञावलीने तो तेथून उचलणे. दुसरा, 'सीएचआरडब्ल्यू' या फलनाने प्रत्येक चिन्हाचा युनिकोड क्रमांक देणे. 'भोर' या शब्दासाठी २३४९ (भ), २३७९ (ओकाराची मात्रा) आणि २३५२ (र) असे तीन क्रमांक लागतात. 'वेल्हे' या दोन अक्षरी शब्दासाठी मात्रा व हलन्त चिन्ह धरून सहा क्रमांक लागतात. लांब शीर्षकांसाठी म्हणून पहिला उपाय अधिक सोयीचा आहे. पायथन ३ मध्ये आणि ॲप्स स्क्रिप्टमध्ये देवनागरी मजकूर थेट लिहिता येतो.

== माहितीवर होणारे परिणाम ==

'''मूल्ये नष्ट होणे.''' २०११ च्या जनगणनेनुसार भोर तालुक्याची लोकसंख्या १,८६,११६ आणि वेल्हे तालुक्याची ५४,५१६ होती. दोन्ही मिळून २,४०,६३२. हे दोन आकडे खाली-वर असलेल्या सेलमध्ये असतील आणि चुकीचा पट्टा दिल्यामुळे आज्ञावलीने ते एकत्र केले, तर केवळ १,८६,११६ हा आकडा उरतो. बेरजेचे सूत्र त्रुटी दाखवत नाही. ते १,८६,११६ हेच उत्तर देते. वेल्ह्याची सर्व लोकसंख्या तक्त्यातून गळते आणि तक्ता वरवर नीटनेटकाच दिसतो.

'''गाळणी.''' धरणांच्या तक्त्यात तालुक्याचे सेल एकत्र असताना 'भोर' अशी गाळणी लावल्यास फक्त भाटघरची ओळ दिसते. नीरा देवघरच्या ओळीतील तालुक्याचा सेल रिकामा असल्याने ती लपते.

'''क्रमवारी.''' वेगवेगळ्या आकाराचे एकत्रित सेल असलेला पट्टा एक्सेल क्रमाने लावून देत नाही. सर्व एकत्रित सेल एकाच आकाराचे असावेत असा संदेश येतो. गूगल शीट्सही उभे एकत्रीकरण असलेल्या पट्ट्याची क्रमवारी नाकारते.

'''सारणी व उंची.''' एक्सेलच्या 'टेबल' या रचनेत एकत्रित सेल चालत नाहीत. एकत्रित सेलमधील लांब मजकुरानुसार ओळीची उंची आपोआप वाढत नाही.

'''वाचनसुलभता.''' दृष्टिहीन व्यक्ती वापरत असलेल्या पडदा-वाचक आज्ञावलींना एकत्रित सेलमुळे कोणता मजकूर कोणत्या स्तंभाचा आहे हे सांगण्यात अडचण येते.

== सेल सुटे करताना होणारी चूक ==

एकत्रित सेलमुळे क्रमवारी लागत नाही हे लक्षात आल्यावर ते सुटे केले जातात. या टप्प्यावर होणारी चूक सहज लक्षात येत नाही. वरील पाच धरणे तालुक्यानुसार दोन गटांत येतात, पण खोऱ्यांनुसार त्यांची विभागणी वेगळी होते. वेल्हे तालुक्यातील पानशेत व वरसगाव ही धरणे मुठेच्या खोऱ्यात असून त्यांचे पाणी खडकवासल्याकडे जाते. त्याच तालुक्यातील गुंजवणी धरण मात्र भाटघर व नीरा देवघरप्रमाणे नीरेच्या खोऱ्यात येते. त्यामुळे पाणीसाठ्याचा तक्ता खोरेवार लावण्याची गरज पडणे स्वाभाविक आहे.

समजा, आज्ञावलीने तालुक्याचे सेल सुटे केले, रिकाम्या जागा भरल्या नाहीत आणि ओळी खोऱ्याच्या नावानुसार लावल्या. वर्णानुक्रमाने 'नीरा' आधी व 'मुठा' नंतर येत असल्याने नवा क्रम भाटघर, नीरा देवघर, गुंजवणी, पानशेत, वरसगाव असा होतो. तालुक्याच्या स्तंभात भाटघरसमोर 'भोर' आणि पानशेतसमोर 'वेल्हे' एवढेच उरते. यानंतर प्रत्येक रिकाम्या सेलमध्ये त्याच्या वरचे नाव भरले, तर नीरा देवघरसमोर 'भोर' आणि वरसगावसमोर 'वेल्हे' येते. ते बरोबर आहे. पण गुंजवणीसमोरही 'भोर' येते. वेल्हे तालुक्यातील धरण भोर तालुक्यात नोंदवले जाते. तक्त्यात एकही जागा रिकामी नसते, कोणताही त्रुटिसंदेश नसतो आणि पाचपैकी चार ओळी अचूक असतात. म्हणूनच ही चूक सापडणे अवघड असते.

हा धोका टाळण्यासाठी सेल सुटे करणे आणि रिकाम्या जागा भरणे ही कामे एकामागोमाग, क्रमवारी बदलण्यापूर्वी करावी लागतात. व्हीबीएमध्ये त्याचा क्रम असा असतो:

# पट्ट्यातील प्रत्येक सेल 'मर्जसेल्स'ने तपासणे.
# सेल एकत्रित असल्यास 'मर्जएरिया'ने त्याचा पूर्ण पट्टा आणि पहिल्या सेलमधील मूल्य स्वतंत्र चलांत जपून ठेवणे.
# त्या पट्ट्यावर 'अनमर्ज' चालवणे.
# जपून ठेवलेले मूल्य पट्ट्यातील सर्व सेलमध्ये लिहिणे.
# संरेखन आवश्यकतेनुसार पूर्ववत करणे.

पायथनमधील 'पांडाज' या संग्रहाने एकत्रित सेल असलेली फाइल वाचल्यास पहिला सेल वगळता उरलेल्या जागा रिक्त मूल्ये म्हणून येतात. 'एफफिल' ही आज्ञा त्या जागी वरचे मूल्य भरते. तीदेखील फाइल वाचल्याबरोबर, मूळ क्रम शाबूत असतानाच वापरावी लागते. एखादी जागा मुळातच रिकामी असेल, तर 'एफफिल' तिलाही वरचे मूल्य देते. हा फरक ती ओळखू शकत नाही.

== पर्याय ==

शीर्षकासाठी एकत्रीकरणाचा उत्तम पर्याय म्हणजे 'सेंटर अक्रॉस सिलेक्शन'. यात पहिल्या सेलमधील मजकूर निवडलेल्या सर्व स्तंभांच्या मध्यभागी दिसतो, परंतु सेल सुटेच राहतात. व्हीबीएमध्ये 'हॉरिझॉन्टलअलाइनमेंट'ला 'एक्सएलसेंटरअक्रॉससिलेक्शन' (अंक ७) हे मूल्य दिल्याने, तर ओपनपायएक्सएलमध्ये आडव्या संरेखनाला 'सेंटरकंटिन्युअस' हे मूल्य दिल्याने हा परिणाम साधतो. त्यासाठी उजवीकडचे सेल रिकामे असावे लागतात. हा पर्याय केवळ आडव्या दिशेने चालतो. उभ्या दिशेसाठी तशी सोय नाही.

उभ्या गटांसाठी प्रत्येक ओळीत तालुक्याचे नाव कायम ठेवून पुनरावृत्त नावांचा रंग सशर्त स्वरूपणाने पार्श्वभूमीसारखा करता येतो. छापल्यावर नाव एकदाच दिसते, पण गाळणी व क्रमवारी बिनचूक चालतात.

सर्वांत सुरक्षित पद्धत म्हणजे दोन पत्रके ठेवणे. एका पत्रकात कोणतेही एकत्रीकरण नसलेली मूळ माहिती असते आणि आज्ञावली तिच्यावरून दुसऱ्या पत्रकात छापण्याजोगा अहवाल तयार करते. अहवालात हवे तेथे सेल एकत्र केले तरी मूळ माहिती अबाधित राहते. बदलही मूळ पत्रकातच केले जातात. तालुक्याचे नाव 'वेल्हे' ऐवजी 'राजगड' असे करायचे झाल्यास प्रत्येक ओळीत संकेतांक आणि वेगळ्या यादीत संकेतांकाचे नाव अशी रचना उपयोगी पडते. नाव एकाच जागी बदलावे लागते आणि जुन्या नावाने प्रसिद्ध झालेल्या २०११ च्या आकडेवारीशी जुळणीही टिकते.

== उपयोगाची मर्यादा ==

एकत्रीकरण सर्वस्वी त्याज्य नाही. छापील अहवालाचे शीर्षक, प्रमाणपत्र, वेळापत्रक, अर्जाचा नमुना अशा ज्या पत्रकांवर पुढे कोणतीही आकडेमोड व्हायची नसते, तेथे ते उपयुक्त आणि देखणे ठरते. ज्या तक्त्यातून पुढे बेरीज, गाळणी, क्रमवारी किंवा दुसऱ्या तक्त्याशी जुळणी करायची असते, तेथे मात्र प्रत्येक ओळ स्वतःपुरती पूर्ण असावी लागते: कोणतीही ओळ उचलून दुसरीकडे ठेवली तरी तिच्यातील धरण कोणत्या तालुक्यातील आहे, हे त्या ओळीवरूनच कळले पाहिजे.